रंगारणीचा राहिलेला निरोप

"आमची आई गेली त्याला वर्ष होत आलं," धाकटी म्हणाली, "पण ती जात नाहीये. तिला घेऊन जा."

ती सकाळीच आली होती. बसायला सांगितलं तरी बसली नाही, दाराला टेकून उभी राहिली. चाळिशीची बाई, डोक्याला रुमाल, नखांच्या कडा लालसर. रंगाच्या कामातली आहे हे तिला सांगावं लागलं नाही.

जिच्यासमोर ती उभी होती तिला सगळे मोजेवाली म्हणत. मोजेवाली निरोप्यांपैकी एक होती. निरोप्ये म्हणजे मंत्रविद्या जाणणाऱ्यांचा एक जुना संघ. त्यांचं सगळं काम मेलेल्या माणसांशी. लोकांना वाटायचं की हे परलोकातून निरोप आणून देतात, त्यामुळे हरवलेल्या किल्लीपासून रुसलेल्या सासऱ्यापर्यंत कशाचीही चौकशी करायला माणसं येत आणि हिरमुसून परत जात. निरोप्यांचं खरं काम होतं ते निरोप देण्याचं. मेल्यावरही एखाद्याचा पाय घरातून निघत नसेल तर त्याच्याशी बोलायचं, त्याला काय अडलंय ते शोधायचं आणि त्याच्यासाठी वाट उघडायची. बघायला शिकण्यात पहिली काही वर्षं जात, ऐकायला शिकण्यात आणखी काही. वाट उघडायला शिकेपर्यंत केस पांढरे व्हायला लागत आणि बोटं गार पडत, ती कायमची. म्हणून ऐन उन्हाळ्यातही हातात लोकरीचे मोजे.

"तुम्हाला त्यांचं बोलणं ऐकू येतं?" मोजेवालीने विचारलं. रक्ताच्या माणसांना घरात मेलेल्याचा आवाज येतो, दिसत मात्र नाही, हे तिला माहीत होतंच. तरी विचारायची पद्धत होती.

"येतं म्हणजे? दिवसभर येतं. घरात आम्ही तिघी. त्यातली एक मेलेली. आणि सगळ्यांत जास्त बोलते तीच."

"काय बोलतात?"

"आमचंच. ताईचं मला येऊन सांगते, माझं ताईला जाऊन सांगते. ताई आणि मी एकमेकींशी बोलत नाही."

"कधीपासून?"

"वीसेक वर्षं झाली असतील." नळ गळतोय हे सांगावं तशा सुरात तिने हे सांगितलं.

"मग आईला खरंच नेलं तर तुमचं कसं चालणार?"

धाकटीने रुमालाची गाठ सोडून परत बांधली. "ते मला माहीत नाही," ती म्हणाली. "पण परवा आईने मला विचारलं, बाळ, तू कोणाची गं?"

हे ऐकल्यावर मोजेवाली उठली आणि तिने खुंटीवरची पिशवी घेतली. रेंगाळलेलं माणूस हळूहळू विरत जातं. आधी साधे शब्द जातात, मग नावं, मग माणसं. शेवटी नुसती एखादी सवय उरते, आणि सवयीला कुठलीच वाट दाखवता येत नाही.

रंगशाळा दोन भागांत होती. पुढे लांबट खोली, तिच्यात चुलींवर तांब्याचे हंडे, कोपऱ्यात लाकडी झाकणाचं निळीचं पिंप, आणि सगळ्यावर तुरटीचा, ओल्या सुताचा, आंबलेल्या निळीचा मिळून एक वास. या भागात मोठीचं राज्य. मागे फरसबंदी अंगण, पाण्याचे हौद आणि वाळत घातलेल्या सुताच्या लडी, पिवळ्या, विटकरी, निळ्या. तिथे धाकटीचं राज्य. मधला दरवाजा सताड उघडा असे, पण त्यातून दोघींपैकी कोणीच ये-जा करत नसे. मोठी रंगवलेल्या लडी उंबरठ्यावरच्या टोपलीत टाकी, धाकटी मागून येऊन टोपली उचलून नेई.

मोठी हंड्यात काठी फिरवत होती. उंच, हाडापेराने दणकट, हात कोपरापर्यंत निळे. तिने मोजेवालीच्या हातांकडे पाहिलं आणि कोण आलंय हे ओळखलं.

"आई," ती हंड्याकडेच बघत म्हणाली, "तिला विचार, हिला कोणी बोलावलं."

निळीच्या पिंपाजवळ एक बादली पालथी घातली होती. तिच्यावर मोजेवालीला म्हातारी दिसली. बाह्या दुमडलेल्या, पाय एकमेकांत अडकवलेले, डोळे हुशार. कडांना मात्र पातळ झाली होती, पुष्कळदा धुतलेल्या कापडासारखी. ती उठून दारापाशी गेली आणि अंगणात डोकावून म्हणाली, "लहाने, ताई विचारतेय, पाहुण्या कोण आल्यात? चहा टाकायचा का?"

"तिला सांग, मी बोलावलंय," अंगणातून उत्तर आलं. "आणि सांग, मला या घरात कोणाला विचारून माणसं बोलवायची गरज नाही."

म्हातारी वळली. "मोठे, लहानी म्हणते, तुला विचारायचं राहून गेलं, चुकलं तिचं."

मोजेवालीला हसू आवरेना. तिने तोंड फिरवून लडी बघितल्यासारखं केलं.

त्या दिवशी आणि दुसऱ्या दिवशीही ती पिंपाजवळ बसून राहिली. घाई करून उपयोग नव्हता. संघाचा एकच कडक नियम होता: ओढून न्यायचं नाही, माणसाने आपल्या पायांनी उंबरठा ओलांडला पाहिजे. म्हातारीला गप्पांचं वावडं नव्हतं. निळीचं पाणी आजारी पडलं की त्याला कोंडा कसा खायला घालायचा, लाल रंगाच्या मंजिष्ठेला उकळी का येऊ द्यायची नाही, नवऱ्याने पहिली लडी रंगवली ती चिखलाच्या रंगाची कशी निघाली, हे सगळं तिने सांगितलं. मधेच उठून ती या दारातून त्या दारात निरोप पोचवून येई.

मोठी म्हणे, "सांग तिला, लडी नीट पिळल्याने हात मोडत नाहीत." धाकटीपर्यंत ते जाई ते असं: "तुझा हात हलका आहे म्हणते ताई, जरा जोर लावलास तर बरं होईल." धाकटी म्हणे, "तिला म्हणावं, पिवळा असा उतरलाय की कावीळ झालेला बरा." मोठीला ऐकू येई: "पिवळा छान आहे, पण थोडा कमी चालला असता म्हणते." मूळ बोलणं दुसरीच्या कानावर पडत नसेल असं नाही, खोल्या काही एवढ्या लांब नव्हत्या. पण वीस वर्षांत दोघींनी बहुधा फक्त आईचंच ऐकायची सवय लावून घेतली होती.

दुसऱ्या दिवशी दुपारी म्हातारी उंबरठ्यावर अडखळली. "लहाने, ताई म्हणते, ते... ते काढ टोपलीतून. ते गं. आपल्या अंगात असतं त्या रंगाचं." तिने हात हवेत तसाच धरला. चुलीपाशी मोठीची काठी थांबली.

"लाल, आई," मोठी म्हणाली. "लाल म्हण."

"हां, लाल," म्हातारी म्हणाली आणि बादलीवर येऊन बसली.

मोजेवाली मोठीजवळ गेली. "ताई, त्या विरायला लागल्यात. आणखी थोड्या दिवसांनी वाट उघडली तरी त्यांना ती कळणार नाही."

"मग नका उघडू." मोठीने हंड्याखालचं लाकूड पुढे सारलं. "तुम्हाला कोण सांगतंय? मला चालेल. तिला माझं नाव आठवलं नाही तरी चालेल. सकाळी आले की पिंपाचं झाकण हललेलं असतं, मला बरं वाटतं. तेवढं पुरे आहे."

"त्यांनाही पुरेल का ते?"

मोठीने लडी काठीवर उचलली, निथळू दिली आणि परत बुडवली. लडीला अजून रंग चढायचा होता की मोठीला पाठ फिरवायची होती, हे कळायला मार्ग नव्हता.

मोजेवाली परत म्हातारीशेजारी येऊन बसली आणि हलक्या आवाजात म्हणाली, "मावशी, तुम्ही निरोप बदलता."

"गोड करते. त्यात काय बिघडलं? या दोघींच्या जिभेवर सोडलं असतं तर एकीने दुसरीला हंड्यात बुडवलं असतं. मी गेले की मुक्या होतील बघा."

"आत्ता तरी कुठे बोलताहेत? तुम्हीच बोलताय."

म्हातारीने तोंड वाकडं केलं, पण नाही म्हणाली नाही.

"एक विचारू? एखादा निरोप तुम्ही पोचवलाच नाही, असं कधी झालं?"

हा प्रश्न मोजेवाली प्रत्येक घरात विचारायची, वेगवेगळ्या शब्दांत. बहुतेक वेळा उत्तर यायला दिवस जात. म्हातारीने मात्र लगेच मान खाली घातली, जणू गेलं वर्षभर ती हाच प्रश्न कधी येतोय याची वाट बघत होती.

"सूतगिरणीच्या लॉरीवर एक ड्रायव्हर होता," ती म्हणाली. "सूत टाकायला यायचा. मोठीच्या आणि त्याच्या मनात होतं. मला दिसत होतं, मी काही आंधळी नव्हते. त्याची बदली झाली, बंदरावर. जायच्या आदल्या दिवशी आला तेव्हा मोठी तुरटी आणायला गेली होती. मला म्हणाला, तिला सांगा, उद्या दुपारच्या बसपाशी थांबतो. आली तर दोघं जाऊ. नाही आली तर मी समजून घेईन, राग धरणार नाही." ती थांबली. "यांचे वडील नुकतेच गेले होते. लहानी तेव्हा नुसती हुंदडायची. हंडे कोण सांभाळणार होतं? मी म्हटलं, संध्याकाळी सांगू. मग म्हटलं, सकाळी सांगू. मग बस गेली."

"आणि धाकटीचं काय?"

"ती त्या दिवशी फाटकापाशी त्याच्याशी काहीतरी खिदळत होती. मोठीने तुरटी घेऊन येताना ते लांबून पाहिलं. तिला वाटलं, हिनेच काहीतरी सांगून त्याला पळवून लावलं. तिने मला विचारलं. मी काही बोलले नाही. तेवढंच केलं मी, बाई. काही बोलले नाही."

चुलीत लाकूड तडकलं. मोठी खोलीच्या दुसऱ्या टोकाला पाठमोरी होती, आणि हंड्यांच्या खदखदण्यात तिला यातलं काही ऐकू गेलं नव्हतं.

"तुम्ही सांगा तिला," म्हातारी म्हणाली. "तुमचं कामच ते. मी गेल्यावर सांगा."

ते सोपं होतं. मोजेवालीला क्षणभर मोहही झाला. शब्दसुद्धा सुचायला लागले, जरा मऊ, जरा गोलाकार. मग तिच्या लक्षात आलं की आपणही या म्हातारीसारखंच करायला निघालोय.

"नाही मावशी," ती म्हणाली. "हा निरोप तुमचा तुम्हालाच पोचवायला लागेल. दोघींना, एका वेळी. आणि साखर न घालता."

"त्या एका खोलीत यायच्या नाहीत."

"ते माझ्यावर सोडा."

ती मधल्या दरवाजात जाऊन उभी राहिली, बरोबर उंबरठ्यावर, आणि तिने हातमोजे काढून खिशात घातले. तिची बोटं मेणासारखी पांढरी होती. निरोप्याचा उघडा हात धरला की धरणाऱ्याला मेलेलं माणूस दिसतं, हे संघाबाहेर फारसं कोणाला ठाऊक नव्हतं. निरोप्येही ते सहसा करत नसत. दर वेळी बोटांतली थोडी जाण जाते आणि परत येत नाही.

"तुम्हाला आई बघायची असेल तर या," ती मोठ्याने म्हणाली. "हात दोन आहेत. एक इकडच्यासाठी, एक तिकडच्यासाठी."

धाकटी आधी आली, ओले हात एप्रनला पुसत. मोठी जागची हलली नाही. मग धाकटीने मोजेवालीचा हात धरला आणि तिच्या तोंडून एवढंच निघालं, "अगं आई, किती बारीक झालीस." ते ऐकून मोठीची काठी हातातून सुटली. ती आली आणि तिने दुसरा हात असा काही घट्ट धरला की मोजेवालीला वाटलं, बोटं तुटतात.

म्हातारी बादलीवरून उठून समोर उभी होती. दोघी मुली तिच्याकडे बघत होत्या आणि ती आपल्या पावलांकडे.

तिने सांगितलं. लॉरी, बदली, दुपारची बस, सकाळी सांगू म्हणून राहिलेलं. तिला मधे 'बस' हा शब्द सापडेना, तेव्हा ती रडवेली झाली, पण कोणी तो पुरवला नाही आणि तिने तो स्वतःच शोधून काढला. "लहानीचा यात काही दोष नव्हता," ती शेवटी म्हणाली. "तुझं लग्न मी मोडलं. हंड्यांसाठी. आणि तुला खरं कळलं असतं तर तू मला टाकून गेली असतीस, म्हणून तुम्हा दोघींचं भांडण तसंच राहू दिलं."

मोठीने हात सोडून दिला.

तिच्यापुरती आई दिसेनाशी झाली. ती चुलीकडे गेली, काठी उचलली, परत खाली ठेवली. भिंतीकडे तोंड करून उभी राहिली. धाकटीने तिकडे बघितलं, मग आईकडे, मग मोजेवालीकडे. डाव्या हाताची करंगळी आता आपली राहिली नाही हे मोजेवालीला जाणवत होतं.

"फाटकापाशी," मोठी भिंतीलाच म्हणाली, "तू त्याला काय सांगितलं होतंस?"

खोलीत कोणाला कळेना की हे कोणाला विचारलंय. म्हातारीने सवयीने तोंड उघडलं, आणि मोजेवालीने मान हलवून तिला थांबवलं.

"मी?" धाकटी म्हणाली. "मी त्याला म्हटलं, आमच्या ताईशी लग्न करशील तर चादरी पांढऱ्या घेऊ नकोस. तिच्या हातांचा निळा रंग काही जात नाही."

"एवढंच?"

"एवढंच. तो म्हणाला, निळ्या घेईन."

मोठीच्या खांद्यांना हिसका बसला. ती रडतेय असं धाकटीला वाटलं, आणि ती रडत होतीच, पण हसतही होती, आणि दोन्ही एकदम करताना तिला श्वास पुरेना. धाकटी धावत गेली आणि तिने तिला धरलं. तिच्या एप्रनचं पाणी मोठीच्या पाठीवर पसरलं. "वीस वर्षं," मोठी म्हणत होती, "वीस वर्षं मी तुझ्या नावाने..." आणि धाकटी म्हणत होती, "माहीत आहे गं. ऐकू यायचं सगळं."

थोड्या वेळाने दोघी परत आल्या आणि दोघींनी हात धरले. म्हातारी होती तिथेच होती. आणखी फिकट झाली होती, पण चेहरा मोकळा दिसत होता.

"माफ केलं असं मी म्हणणार नाही," मोठी म्हणाली. "अजून नाही. उगाच तोंडदेखलं कशाला बोलू?"

"मग थांबू का?" म्हातारीने विचारलं. "तुझा राग जाईपर्यंत?"

मोठीने विचार केला. खरोखर विचार केला, घाई केली नाही. "नको. माझा राग काढायला तू इथं हवीस असं नाही. मी काढीन माझा मी. तू विरून चाललीयस आई, मला ते बघवत नाही. तू जा."

"पिंप सांभाळा."

"सांभाळतो," दोघी एकदम म्हणाल्या, आणि एकदम बोललो म्हणून दोघी चपापल्या.

मोजेवालीने वाट उघडायचे शब्द म्हटले. ते शब्द मोठ्याने म्हणायचे नसतात, जिभेखाली ठेवायचे असतात. अंगणात दुपारचं ऊन होतं, लडींच्या सावल्या फरशीवर हलत होत्या. ऊन होतं तसंच राहिलं, फक्त त्याला खोली आली, जणू अंगणाच्या पलीकडे आणखी एक अंगण होतं आणि त्याच्या पलीकडे आणखी एक. म्हातारी तिघींच्या मधून गेली. जाताना तिने धाकटीच्या गालाला हात लावला. मोठीसमोर ती नुसती थांबली. मोठी मोकळ्या हाताने तिची दुमडलेली बाही सरळ करायला गेली, हाताला काहीच लागलं नाही, तरी तिने मनगटापर्यंत ती नीट सरळ केली. मग म्हातारीने उंबरठा ओलांडला आणि लडींखालून, डोकं न वाकवता, चालत गेली.

त्यानंतर काही महिने शेजारच्या सुताराची तक्रार होती की रंगशाळेत आता फार आरडाओरडा असतो. ती खरीच होती. दोघी बहिणी उघडउघड भांडायला लागल्या होत्या. पिवळ्यावरून, चहातल्या साखरेवरून, मधल्या दरवाजात टोपली कोणी ठेवली यावरून. वीस वर्षांचं साचलेलं होतं, ते काही एका बैठकीत संपणार नव्हतं. काही भांडणं वाईट झाली. एकदा धाकटी सामान बांधून फाटकापर्यंत गेली. मोठी मागून गेली आणि म्हणाली, "जायचं तर जा, पण मला सांगून जा. न सांगता गेलेलं मला चालत नाही." धाकटी परत आली.

मग मोठीने एक दिवस जाहीर केलं की ती बंदरावर जाऊन येणार आहे. इतक्या वर्षांत ती रंगशाळा सोडून कुठे गेली नव्हती. हंडे धाकटीने सांभाळले, पिंपाचीही काळजी घेतली, आणि एका हंड्यातला विटकरी पार बिघडवला.

मोठी परतल्यावर त्यांनी मोजेवालीला चहाला बोलावलं. तिची करंगळी बधिर ती बधिरच राहिली होती, कप ती सांभाळून धरत होती. मोठी प्रवासाचं सांगत होती. ड्रायव्हर सापडला होता. त्याचं लग्न झालेलं, मुलं मोठी झालेली, त्याला पार टक्कल पडलेलं. बायको चांगली निघाली, हिला जेवूनच जा म्हणाली.

"मग? कसं वाटलं तुला?" धाकटीने विचारलं.

"मला वाटलं होतं फार रडू येईल. नाही आलं. तो म्हणाला, त्या दिवशी बस सुटल्यावरही तो तिथंच थांबला होता, दुसरी बस येईपर्यंत. ते ऐकून मला बरं वाटलं. का ते मला सांगता यायचं नाही." मोठीने बशीतलं बिस्किट मोडलं. "पण तिथं बंदरावर एक बाई शिंपल्यांपासून जांभळा रंग काढते. असा जांभळा मी जन्मात पाहिला नव्हता. ती म्हणाली, एक महिना येऊन राहा, शिकवते."

"महिना?"

"जाऊ का?"

"आणि मी इथे एकटी विटकरी बिघडवत बसू?"

"तू पण चल. महिनाभर सुतार जरा निवांत झोपेल."

"दोघी गेलो तर पिंप?" धाकटी म्हणाली. "निळीला रोज बघायला लागतं."

"आळीपाळीने जाऊ मग. आधी तू, मग मी. नाही, आधी मीच. तुला रंग दाखवला तरी तो तुला विटकरीच दिसेल."

धाकटीने तिला हातातल्या फडक्याने मारलं आणि मग दोघी त्या जांभळ्याच्या मागे लागल्या, त्याला तुरटी चालेल का, लोकरीवर कसा बसेल, उन्हात टिकेल का. एकीचं वाक्य दुसरी तोडत होती. मोजेवालीने चहा संपवला, कप धुऊन पालथा घातला आणि पिशवी खांद्याला लावली. तिला स्टेशनापलीकडच्या एका घरी जायचं होतं, तिथले मास्तर जाऊन आठ दिवस झाले तरी घरातली शिकवणी घेत होते. ती फाटकाबाहेर पडली तेव्हाही आतून दोघींचे आवाज येत होते, आणि त्यातला कुठला कोणाचा हे तिला काही केल्या वेगळं काढता येईना.